हमीचे नीतिशास्त्र : दुष्काळी कामापासून रोजगार हमीपर्यंत

सामाजिक धोरणातील नीती त्याच्या उद्दिष्टांत शोधण्याची सवय आहे. ही सवय दिशाभूल करणारी आहे. गरिबी हटावी, उपासमार होऊ नये, स्त्रियांना न्याय मिळावा या उद्दिष्टांना जाहीरपणे कोणी विरोध करत नाही. निरनिराळ्या विचारांच्या सरकारांची उद्देशपत्रे शेजारी ठेवून वाचली तर त्यांत फारसा फरक सापडत नाही. फरक दिसतो तो खालच्या ओळींत. मदत कोणाच्या नावाने मागायची, किती दिवसांत मिळायची, ती घेण्यासाठी माणसाने किती चालायचे, कामाचा मोबदला कोणत्या मापाने ठरवायचा, मदत मिळाली नाही तर दाद कुठे मागायची आणि या सगळ्याचा पैसा कोणी भरायचा, या तपशिलांत माणसाकडे पाहण्याची राज्यसंस्थेची दृष्टी उमटते. म्हणून धोरणाची नैतिक तपासणी त्याच्या कलमांपासून, दरपत्रकांपासून आणि हजेरीपटापासून सुरू करावी लागते.

धोरण आखणे हे तज्ज्ञांचे हिशेबी काम आहे, त्यात नीतीला शिरकाव देऊ नये, असे मत अर्थशास्त्रात आणि प्रशासनात बराच काळ प्रबळ होते. आजही ते वेगळ्या भाषेत मांडले जाते. पण हिशेब मांडायचा तर आधी कोणाचे नुकसान मोजायचे आणि कोणाचे सोडून द्यायचे हे ठरवावेच लागते. तिजोरीतून गेलेला रुपया जमाखर्चात येतो. उपाशीपोटी कामावर गेलेल्या बाईच्या शरीराची झीज त्यात येत नाही. ती मोजायची नाही हाही नैतिक निर्णयच असतो, फक्त तो बोलून दाखवलेला नसतो. हे किती दूरवर जाते हे पाहण्यासाठी दुष्काळी कामांचा इतिहास उपयोगी पडतो. सरकारने संकटात सापडलेल्या माणसाला काम द्यावे ही कल्पना एकच. तरी १८७७ साली तिने माणसे मारली आणि शंभर वर्षांनी महाराष्ट्रात तिचा हक्क झाला.

इंग्लंडमध्ये १८३४ साली गरीब कायद्यात मोठी सुधारणा झाली. सरकारी मदत घेणाऱ्याची अवस्था स्वतःच्या हिमतीवर जगणाऱ्या सर्वांत हलाखीच्या मजुरापेक्षाही वाईट असली पाहिजे, हे तिचे मूलतत्त्व होते. तसे नसेल तर लोक आळशी होतील आणि मदतीवरच जगू लागतील, अशी भीती त्यामागे होती. त्यामुळे मदत हवी असणाऱ्याने श्रमगृहात भरती व्हायचे, तिथली कठोर शिस्त सोसायची, नवराबायको आणि मुले यांना वेगळे ठेवले तर तेही सोसायचे. मदत मागणे हेच गैरवर्तन असल्यासारखी ही रचना होती. हिंदुस्थानातील दुष्काळी धोरणावर या विचाराची गडद छाया पडली.

१८७३-७४ साली बिहार आणि बंगालमध्ये दुष्काळ पडला तेव्हा सर रिचर्ड टेम्पल यांनी ब्रह्मदेशातून सुमारे पाच लाख टन तांदूळ आणवला, सढळ हाताने मदतकामे चालवली आणि माणसे वाचवली. मृत्यू अगदी थोडे झाले. त्याबद्दल शाबासकी मिळायची ती बाजूलाच राहिली. उधळपट्टी केली म्हणून लंडनमध्ये त्यांच्यावर टीका झाली. पुढे १८७६-७८ चा महादुष्काळ दख्खन, कर्नाटक आणि मद्रास इलाख्यावर कोसळला. व्हाइसरॉय लिटन यांनी पाहणीसाठी टेम्पल यांनाच पाठवले, आणि या वेळी त्यांनी काटकसरीचा नमुना घालून दिला. दुष्काळी कामावरच्या पुरुष मजुराला दिवसाला एक पौंड धान्य आणि एक आणा एवढेच द्यायचे, असे त्यांनी ठरवले. मजुरीचा हा दर टेम्पल यांच्याच नावाने ओळखला जाऊ लागला.

मद्रास इलाख्याचे आरोग्य आयुक्त डॉ. विल्यम कॉर्निश यांनी त्याला उघड विरोध केला. शारीरिक श्रम करणाऱ्या माणसाला एवढे अन्न पुरत नाही, तुरुंगातल्या कैद्यालाही याहून जास्त मिळते, असे त्यांनी सप्रमाण मांडले. वरवर हा वाद अन्नघटकांचा होता. पण एका बाजूला खर्च वाढू नये म्हणून किती अन्न पुरते असे धरून चालायचे हा प्रश्न होता आणि दुसऱ्या बाजूला माणूस जगण्यासाठी किती लागते हा. एकाच आकड्यात दोन नीती समोरासमोर उभ्या होत्या. काही महिन्यांनी मद्रासमध्ये दर वाढवावा लागला, पण तोवर फार उशीर झाला होता. त्या दुष्काळात ब्रिटिश मुलखात पन्नास लाखांहून अधिक माणसे दगावली असा अंदाज पुढे खुद्द दुष्काळ आयोगाने केला.

मजुरीच्या दराइतकाच घातक प्रकार अंतराच्या कसोटीचा होता. काम मुद्दाम गावापासून लांब काढायचे, म्हणजे खरोखर गरजू असेल तोच तेवढे चालून येईल, असा त्यामागचा तर्क. वस्तुतः सर्वांत गरजू माणूस सर्वांत अशक्त असतो. चालण्याची ताकद आधी त्याचीच संपलेली असते. म्हातारा, बाळंतीण, तापाने उठलेला मजूर या कसोटीत आपोआप नापास होत. गरज ओळखण्याचे साधन म्हणून आणलेल्या नियमाने गरजूंनाच बाहेर ठेवले.

मुंबई इलाख्यात जानेवारी १८७७ मध्ये टेम्पल यांचा मजुरीचा दर लागू झाला तेव्हा हजारो मजुरांनी कामे सोडून दिली. उपासमारीच्या दिवसांत घडलेला हा संप विलक्षणच म्हटला पाहिजे. गणेश वासुदेव जोशी आणि न्यायमूर्ती रानडे यांच्या पुणे सार्वजनिक सभेने मजुरांची बाजू घेतली, गावोगावची माहिती गोळा करून सरकारपुढे मांडली. त्याच सुमारास धनकवडीला सत्यशोधक समाजाच्या वतीने जोतीराव फुले आणि त्यांचे सहकारी दुष्काळात उघड्या पडलेल्या मुलांसाठी अन्नछत्र चालवत होते. एप्रिल १८७७ मध्ये सावित्रीबाईंनी ओतूरहून जोतीरावांना लिहिलेल्या पत्रात जुन्नर भागातल्या दुष्काळाचे आणि सत्यशोधक कार्यकर्त्यांच्या धडपडीचे वर्णन आहे. सभेची निवेदने आणि सावित्रीबाईंचे पत्र शेजारी ठेवून वाचले की दुष्काळी नीतीचे दोन उगम स्पष्ट दिसतात. सभेने राज्यकर्त्यांना त्यांच्या कर्तव्याचा जाब विचारला. सत्यशोधकांनी ज्यांच्यापर्यंत कोणतेच कर्तव्य पोचत नव्हते त्यांच्या पानात अन्न वाढले. पुढच्या शंभर वर्षांत या दोन्ही गोष्टी एका कायद्यात यायच्या होत्या.

१८८० च्या दुष्काळ आयोगानंतर १८८३ मध्ये दुष्काळ संहितेचा नमुना तयार झाला आणि प्रांतोप्रांती संहिता लागू झाल्या. दुष्काळ जाहीर केव्हा करायचा, कामे केव्हा काढायची, कोणाला फुकट धान्य द्यायचे याचे नियम प्रथमच लिहून ठेवले गेले, हे मोठे पाऊल होते. आधी सगळे एखाद्या अधिकाऱ्याच्या मर्जीवर चाले. तरीही संहितेत मजुरी ठरवण्याचे तत्त्व जेमतेम प्रकृती टिकेल एवढेच होते, आणि तिच्यातले नियम अधिकाऱ्यांना उद्देशून होते. रयतेला त्यांतून काही मागण्याचा अधिकार मिळाला नव्हता. १८९६-९७ च्या दुष्काळात टिळकांनी आणि सार्वजनिक सभेने नेमकी हीच फट ओळखली. संहितेत आणि महसुलाच्या नियमांत काय लिहिले आहे ते त्यांनी सभांतून, पत्रकांतून आणि ‘केसरी’तून शेतकऱ्यांना मराठीत समजावून सांगितले. पीक बुडाले असेल तर सारा तहकूब होऊ शकतो, तो भरण्यासाठी घरातली भांडी विकू नका, असे गावोगाव सांगितले गेले. अधिकाऱ्यांसाठी लिहिलेले नियम रयतेने वाचणे सरकारला मानवले नाही. १८९७ मध्ये सार्वजनिक सभेची सरकारदरबारची मान्यता काढून घेण्यात आली. धोरणाची माहिती लाभार्थ्याच्या हाती गेली की त्याचे स्वरूपच बदलते, हे तेव्हाच्या सत्ताधाऱ्यांना पुरते कळले होते.

स्वातंत्र्यानंतर कामाचा हक्क संविधानात आला, पण कमी ताकदीच्या जागी. अनुच्छेद ४१ नुसार राज्याने आपल्या आर्थिक क्षमतेच्या मर्यादेत काम, शिक्षण आणि बेकारी, वार्धक्य, आजारपण यांत मदत मिळवण्याचा हक्क साकार करण्यासाठी तरतूद करायची आहे. हा अनुच्छेद मार्गदर्शक तत्त्वांत असल्याने त्यासाठी थेट न्यायालयात दाद मागता येत नाही. घटनासमितीत या तत्त्वांवर, ती नुसती सदिच्छा आहेत, अशी टीका झाली. डॉ. आंबेडकरांनी नोव्हेंबर १९४८ मधील भाषणांत त्यांची बाजू मांडली. सत्तेवर येणाऱ्या कोणत्याही पक्षाला ही तत्त्वे डावलता येणार नाहीत आणि न्यायालयापुढे नाही तरी निवडणुकीत मतदारांपुढे त्याला उत्तर द्यावे लागेल, असा त्यांच्या प्रतिपादनाचा आशय होता. त्यावर विश्वास ठेवायचा तर मतदारांपैकी कोणीतरी तो जाब विचारायला हवा. कामाच्या हक्काबाबत तो आधी आणि सर्वांत जोराने महाराष्ट्रात विचारला गेला.

विठ्ठल सखाराम पागे हे सांगली जिल्ह्यातले गांधीविचारांचे कार्यकर्ते होते. १९६० पासून १९७८ पर्यंत ते महाराष्ट्र विधानपरिषदेचे सभापती होते. मागेल त्याला काम ही कल्पना त्यांनी साठच्या दशकात मांडली आणि तासगाव तालुक्यात तिचा प्रयोग झाला. मुख्यमंत्री वसंतराव नाईक यांच्या पाठिंब्याने १९७२ मध्ये राज्याने रोजगार हमी योजना जाहीर केली. त्याच वर्षी महादुष्काळाने ती झाकोळून टाकली. नगर, बीड, सोलापूर, उस्मानाबाद, औरंगाबाद, सांगलीचा पूर्व भाग, जिकडे पाहावे तिकडे खडी फोडण्याची, नालाबांधाची, पाझर तलावांची कामे उभी राहिली. मे १९७३ मध्ये एकाच वेळी सुमारे पन्नास लाख माणसे दुष्काळी कामांवर होती. परदेशातून आलेला लाल मिलो आणि कामावर वाटली जाणारी सुकडी त्या पिढीच्या आठवणीत अजून आहे. पिके पुरती गेली होती, तरी १८७७ सारखी मृत्यूची लाट आली नाही. या दुष्काळाचा बारकाईने अभ्यास करणारे अर्थशास्त्रज्ञ ज्याँ द्रेझ यांनी त्याचे श्रेय मुख्यतः या कामांना दिले आहे.

दुष्काळ सरल्यावर कामे बंद करणे ही जुनी रीत होती. इथे ती मोडली. एवढ्या मोठ्या संख्येने एकत्र आलेले मजूर, विशेषतः स्त्रिया, रिकाम्या हाताने परतायला तयार नव्हत्या. धुळ्यापासून सांगलीपर्यंत लाल निशाण, शेतकरी कामगार पक्ष, समाजवादी आणि इतर डाव्या कार्यकर्त्यांनी मोर्चे काढले. त्याआधीच, १९७१ मध्ये, वि. म. दांडेकर आणि नीळकंठ रथ यांनी भारतातील दारिद्र्यावरील आपल्या अभ्यासात ग्रामीण गरिबांसाठी हमीच्या सार्वजनिक कामांचा आग्रह धरला होता. विकास वरून झिरपत खाली येईल ही आशा त्यांनी आकड्यांनी खोडून काढली होती. पागे यांची सर्वोदयी श्रद्धा, दांडेकर-रथ यांचा हिशेब आणि मजुरांची ताकद यांच्या संगमातून महाराष्ट्र रोजगार हमी अधिनियम १९७७ मध्ये विधिमंडळाने मंजूर केला. तो २६ जानेवारी १९७९ पासून अंमलात आला.

या कायद्याची कलमे आधीच्या दुष्काळी धोरणाशी ताडून पाहिली तर जवळजवळ प्रत्येक ठिकाणी जुना निर्णय उलटवलेला आढळतो. ग्रामीण भागातील आणि ‘क’ वर्ग नगरपालिकांच्या हद्दीतील अठरा वर्षांवरील प्रत्येक व्यक्तीला अंगमेहनतीचे काम मागता येते. अर्जानंतर पंधरा दिवसांत काम द्यायचे. ते शक्यतो गावाजवळ द्यायचे. पाच किलोमीटरहून लांब असेल तर सोयी पुरवायच्या. ठेकेदार ठेवायचा नाही. खर्चाचा किमान ६० टक्के भाग मजुरीवर गेला पाहिजे. पुरुष आणि स्त्री यांना एकाच दराने मोबदला द्यायचा. कामावर सावली, पाणी, प्रथमोपचार आणि लहान मुलांसाठी पाळणाघर असायला हवे. काम देता आले नाही तर बेकारी भत्ता द्यायचा. टेम्पल यांच्या अंतराच्या कसोटीचे इथे पुरते उलटे झाले आहे. चालण्याचा भार गरजूवरून काढून यंत्रणेवर टाकला गेला.

या तरतुदींपैकी एकीकडे फारसे लक्ष दिले जात नाही, आणि तीच सर्वांत खोल जाणारी आहे. महाराष्ट्राच्या कायद्याने हमी दिली ती व्यक्तीला. २००५ च्या राष्ट्रीय ग्रामीण रोजगार हमी कायद्याने ती दिली कुटुंबाला, वर्षाला १०० दिवस. कुटुंब हे एकक प्रशासनाला सोयीचे असते. शिधापत्रिका, जॉबकार्ड, बँकेचे खाते सगळे त्यावर बसते. पण घर सोडावे लागलेल्या परित्यक्तेचे काय, सासरच्या कार्डावर नाव असूनही त्या घरात पाय ठेवू न शकणाऱ्या विधवेचे काय, म्हाताऱ्या आईला वेगळे ठेवणाऱ्या मुलांच्या घरात तिचे काय? कुटुंबात दिवस कसे वाटायचे हे कायदा सांगत नाही. ते घरातल्या सत्तेवर सोडलेले असते. कोण मोजायचे हे ठरवताना कायद्याने एखादी स्त्री घराच्या भिंतीआड झाकली तर पुढे तिच्यासाठी कितीही चांगली तरतूद केली तरी ती तिच्यापर्यंत पोचायची खात्री नसते. महाराष्ट्राच्या रोजगार हमीवर निम्म्याच्या आसपास मजूर स्त्रिया असत, याची कारणे अनेक आहेत. पण त्यांतले एक निश्चितच हे की त्यांना कोणाच्या परवानगीने नव्हे, स्वतःच्या नावाने काम मागता येत होते.

दुसरा मोठा नैतिक निर्णय पैशाबद्दलचा आहे. योजनेसाठी १९७५ मध्ये व्यवसाय कर आला. त्यात प्रामुख्याने शहरातला पगारदार, व्यापारी, डॉक्टर, वकील असा वर्ग येतो. त्या वेळी घटनेच्या अनुच्छेद २७६ प्रमाणे अशा कराची कमाल मर्यादा वर्षाला २५० रुपये होती. १९८८ मधील साठाव्या घटनादुरुस्तीने ती २,५०० झाली. याशिवाय मोटार वाहने, विक्रीकर, बागायती जमीन आणि शहरांतील बिगरनिवासी मालमत्ता यांच्यावर अधिभार बसवला गेला आणि जमा होईल तेवढीच रक्कम राज्याने आपल्या तिजोरीतून घालायची ठरले. यातला मोठा वाटा मुंबईतून येत असे. माणच्या किंवा आष्टीच्या कोरडवाहू शेतमजुराच्या कामाचा खर्च दादर-फोर्टमधल्या नोकरदाराने उचलायचा, असा हा करार होता. मुंबईची संपत्ती मुंबईनेच निर्माण केली असे मानले तर तो अन्याय वाटेल. ती उर्वरित महाराष्ट्रातल्या कष्टांवर, पाण्यावर, तिथून आलेल्या गिरणी कामगारांच्या घामावर उभी राहिली हे लक्षात घेतले तर तो परतफेडीचा एक लहानसा हप्ता ठरतो. दुसरी बाजू अधिक खरी आहे. या निधीतली रक्कम पुढे पूर्ण खर्च न होता शिल्लक राहू लागली, तेव्हा त्या कराराचा भंग मजुराशी झाला, करदात्याशीही झाला.

ही उभारणी निखळ परोपकारातून झाली असे समजणे भाबडेपणाचे ठरेल. बड्या बागायतदारांनी आणि सत्ताधारी काँग्रेसमधल्या ग्रामीण नेत्यांनी कायद्याला पाठिंबा दिला, कारण पाझर तलाव, नालाबांध, रस्ते यांतून त्यांच्याच जमिनींना पाणी आणि वाट मिळणार होती. मजुरी पदरात पडून मजूर गावातच राहिला तर सुगीला हाताशी मिळणार होता. खर्चाचा भार शहरावर होता. १९९० नंतर योजनेतून फळबाग लागवडीला खासगी जमिनीवर अनुदान मिळू लागले तेव्हा हा कल आणखी स्पष्ट झाला. डाळिंब, बोर, आंबा यांच्या बागा राज्यभर उभ्या राहिल्या आणि त्यांचा फायदा ज्यांच्याकडे जमीन होती त्यांना झाला. भूमिहीनाला लागवडीपुरती मजुरी मिळाली. अशा मिश्र हेतूंमुळे कायद्याची नैतिक किंमत कमी होते का? व्यक्तीच्या कृतीची पारख करताना हेतूला वजन असते. धोरणाच्या बाबतीत महत्त्वाचे हे असते की त्याने दुबळ्याच्या हाती कोणते साधन दिले आणि बलवानाचा हेतू बदलल्यावरही ते साधन टिकते का. योजना सरकारी ठरावावर राहिली असती तर बागायतदारांचा उत्साह ओसरताच ती बंद करता आली असती. कायदा झाल्यावर ती बंद करण्यासाठी विधिमंडळात उघडपणे हात वर करावे लागले असते. म्हणूनच १९७७ चे वर्ष १९७२ पेक्षा महत्त्वाचे आहे.

पण दिलेली हमी न मोडताही निष्फळ करता येते. १९८८ मध्ये राज्यातल्या शेतमजुरांच्या किमान वेतनात मोठी वाढ झाली आणि योजनेचा दर जवळपास दुप्पट झाला. दर वाढल्यावर कामावर येणारे वाढायला हवे होते. हजेरी मात्र घटली. मार्टिन रॅव्हॅलियन, गौरव दत्त आणि शुभम चौधुरी यांनी या काळाचा अभ्यास करून दाखवले की कामाची मागणी असतानाही ते सर्वांना मिळत नव्हते. मागेल त्याला काम राहिले नव्हते. यासाठी कोणी कायदा बदलला नाही. काम सुरू करायला किमान पन्नास मजुरांची अट होती, आराखडे मंजूर व्हायचे होते, खात्यांकडे कामांची यादी तयार नव्हती, तहसीलमध्ये अर्ज घेतला तरी पोच दिली जात नव्हती. पोच नसली की पंधरा दिवस मोजायला सुरुवातच होत नाही आणि बेकारी भत्त्याचा प्रश्न उद्भवत नाही. तो भत्ता सुरुवातीला दिवसाला एक रुपया होता, आणि तोही फार थोड्यांना मिळाला. जबाबदारी चुकवणाऱ्याला काहीच सोसावे लागत नसेल तर तिला जबाबदारी म्हणण्यात अर्थ उरत नाही. १९७७ च्या कायद्याची ही सर्वांत मोठी त्रुटी होती.

मोजमापाच्या दरपत्रकातही अशीच गोष्ट लपलेली आहे. रोजगार हमीवर मजुरी खोदलेल्या मातीच्या घनफळावर, ती किती लांब नेली आणि किती उंच टाकली यावर ठरते. मऊ माती, मुरूम, कठीण मुरूम, खडक यांचे दर वेगळे. दिवसभर काम केलेल्या साधारण माणसाला किमान वेतन पडावे अशी अपेक्षा असते. पण बांधकाम खात्यांची ही दरपत्रके मुळात ठेकेदारी कामांसाठी, धट्ट्याकट्ट्या पुरुष मजुराच्या कामावरून बनलेली होती. चैत्र-वैशाखाच्या उन्हात, अर्धपोटी, अंगावर पिणारे मूल पाळणाघर नसल्यामुळे झाडाखाली निजवून काम करणारी बाई त्यात साधारण माणूस म्हणून गृहीत धरलेलीच नव्हती. दर स्त्री-पुरुषांना सारखा ठेवला होता, तरी हातात पडणारी मजुरी किमान वेतनाच्या खाली जात राहिली. वरिष्ठ अभियंत्याच्या टेबलावरचा एक तक्ता कॉर्निश आणि टेम्पल यांच्या वादाचीच पुनरावृत्ती करत होता, आणि त्यावर विधिमंडळात कधी तशी चर्चा होत नव्हती.

मजुरांनी स्वतः या चर्चेत भर घातली ती वेगळ्या दिशेने. सांगली जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यात ऐंशीच्या दशकात मुक्ती संघर्ष चळवळीने विचारले की वर्षानुवर्षे खडीच का फोडायची? दुष्काळी कामाने दुष्काळ हटला पाहिजे. पाण्याचे नियोजन, चारा, झाडे, नदीची वाळू यांचा अभ्यास गावकऱ्यांनी अभियंत्यांना आणि विद्यार्थ्यांना बरोबर घेऊन सुरू केला. येरळा नदीवर लोकांच्या पुढाकाराने बळीराजा स्मृती धरण उभे राहिले आणि त्याच्या पाण्याच्या वाटपात भूमिहीनांचाही वाटा असावा हा विचार पुढे आला. काम मिळाले की हक्क पुरा झाला असे मानणाऱ्या धोरणाला हा मोठा धक्का होता. कामाचा उपयोग काय, तो कोणाला होतो हे विचारण्याचा अधिकार काम करणाऱ्याला आहे, ही मागणी योजनेच्या मूळ विचारात नव्हती. मजुरांनीच ती घडवली. आराखडा गावसभेत ठरावा ही पुढची तरतूद याच विचाराच्या जवळची आहे.

न्यायालयांनी मजुरीबाबत एक भक्कम आधार दिला. राजस्थानात दुष्काळी कामांना किमान वेतनासह कामगार कायद्यांतून सूट देणारा १९६४ चा कायदा होता. संजित रॉय विरुद्ध राजस्थान राज्य या १९८३ च्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की भुकेमुळे काम स्वीकारणाऱ्याला किमान वेतनापेक्षा कमी देणे ही अनुच्छेद २३ ने मनाई केलेली सक्तीची मजुरी आहे. दुष्काळी कामाची मजुरी ही दया नाही, श्रमाचे मोल आहे, हा निकालाचा गाभा होता. त्यामुळे मदत घेणारा हा मजुरापेक्षा खालच्या पायरीवरच असला पाहिजे, हे १८३४ चे तत्त्व निदान कायद्याच्या पातळीवर संपले.

२००५ चा राष्ट्रीय कायदा करताना महाराष्ट्राचा तीन दशकांचा अनुभव जमेला धरला गेला. बेकारी भत्ता मजुरीशी जोडला गेला. पहिल्या तीस दिवसांना किमान एक चतुर्थांश आणि नंतर किमान निम्मा. पाच किलोमीटरच्या पुढे काम असेल तर दहा टक्के जादा मजुरी ठरली. किमान एक तृतीयांश लाभार्थी स्त्रिया असाव्यात असे बंधन आले. सहा वर्षांखालील पाच मुले कामावर असतील तर त्यांच्याकडे पाहायला एक बाई ठेवायची सोय झाली. गावसभेने कामांचे सामाजिक अंकेक्षण करावे, हजेरीपट आणि बिले सर्वांसमोर वाचावीत हे कलमातच आले. राजस्थानातल्या मजूर किसान शक्ती संघटनेने नव्वदच्या दशकात जनसुनावण्यांतून हीच रीत घडवली होती. गावात सगळ्यांसमोर हजेरीपट वाचला गेला की मेलेल्यांची आणि कामावर कधी न आलेल्यांची नावे उघडी पडत. हा कायदा २ फेब्रुवारी २००६ पासून २०० जिल्ह्यांत आणि १ एप्रिल २००८ पासून देशभरच्या ग्रामीण भागात लागू झाला. महाराष्ट्राने आपल्या कायद्यात दुरुस्ती करून दोन्ही योजनांची सांगड घातली.

तरीही नवे अडथळे उभे राहिले, आणि त्यांचे स्वरूप पूर्वीपेक्षा अदृश्य होते. मजुरी बँक किंवा टपाल खात्यात जमा होऊ लागली. त्यामुळे मुकादमाने हजेरीत केलेली चोरी कमी झाली आणि बाईच्या नावावर तिचा पैसा येऊ लागला, हे दोन्ही खरे लाभ होते. पण खात्याच्या क्रमांकातली एक चूक, आधार क्रमांकाशी न जुळलेले नाव, वरून वेळेत न आलेला निधी यांनी मजुरी आठवडेच्या आठवडे अडकू लागली. आठ-दहा दिवसांच्या मजुरीवर चूल पेटणाऱ्या घराला महिनाभर थांबायला लावणे म्हणजे त्याला सावकाराच्या दारी पाठवणे. उशिरा दिलेल्या मजुरीवर रोज ०.०५ टक्के भरपाई ठरली. ती इतकी थोडी आहे की उशीर करणाऱ्या यंत्रणेला तिचा धाक वाटत नाही, आणि उशीर नेमका कोणत्या टेबलावर झाला हे संगणकीय साखळीत शोधणे मजुराच्या हाती नसते. पूर्वी तहसीलदाराच्या दारात बसून धरणे धरता येई. आता चूक कोणाची हेच कळत नसल्याने धरणे कोणाच्या दारात धरायचे हा प्रश्न पडतो. अकोले, शहादा, जव्हार, मोखाड्यासारख्या भागांत म्हणूनच मजुरांना तक्रारीची पोच मिळवून देणाऱ्या, हजेरीपटाची प्रत मागणाऱ्या, बँकेतल्या नोंदी तपासून देणाऱ्या कार्यकर्त्यांचे काम महत्त्वाचे ठरते. १८९६ मध्ये संहितेतले नियम गावोगाव वाचून दाखवणाऱ्यांचेच ते काम आहे; फरक एवढाच की आज नियम मजुराच्या बाजूचे आहेत आणि तरीही ते त्याच्यापर्यंत न्यावे लागतात.